कँटर सुधारायचा तर लगाम आखडून भागत नाही

कँटरमध्ये, म्हणजे दुडकीहून वेगवान पण भरधाव दौडीहून संथ अशा चालीत, घोडा लगामावर भार टाकून पळत सुटतो, तेव्हा लगाम आखडून धरावा, असा सल्ला काही जण देतात. मला तो पटत नाही. कँटर ही तीन ठोक्यांची चाल आहे. डाव्या कँटरमध्ये, म्हणजे पुढचा डावा पाय आघाडीवर असताना, आधी मागचा उजवा पाय पडतो, मग मागचा डावा आणि पुढचा उजवा एकत्र, शेवटी पुढचा डावा, आणि त्यानंतर क्षणभर चारही पाय हवेत असतात. लगाम नुसता ओढत राहिल्यास मधली जोडी फुटते, चार ठोके ऐकू येऊ लागतात आणि चाल मंदावली तरी सुधारत मात्र नाही.

त्याऐवजी 20 मीटर व्यासाच्या वर्तुळावर सहा-आठ ढांगा कँटर, मग दुडकी, पुन्हा कँटर, असे बदल वारंवार करावेत, म्हणजे मागचे पाय पोटाखाली येऊन भार पेलू लागतात. कँटर मागताना आपला आतला, म्हणजे वर्तुळाच्या मध्याकडचा, पाय तंगापाशी (खोगीर बांधायच्या पोटपट्ट्यापाशी), बाहेरचा चार बोटे मागे आणि बाहेरचा लगाम स्थिर असावा. मी स्वतः त्या क्षणी पुढे वाकत असे. ही खोड मला जमिनीवरच्या माझ्याच सावलीत दिसली. अधूनमधून आतला लगाम दोन ढांगांपुरता सैल सोडून पाहावा. तरीही वेग वाढला नाही, तर घोडा आपला तोल आपणच सांभाळतो आहे.