फोर्टमधला पायी फेरफटका: वसाहतकाळ आणि गुप्त मंडळं, मार्ग कसा आखावा?

पायवाट_फोर्ट (प्रश्न)

नमस्कार मंडळी. डिसेंबरातल्या एका रविवारी सकाळी मुंबईच्या फोर्ट भागात मराठीतून पायी फेरफटका न्यायचा आहे. अठरा जण आहेत, त्यातले निम्मे साठीच्या पुढचे. विषय ठरलाय: कंपनी सरकार आणि राणीच्या राज्यातली मुंबई, आणि त्याच काळात बंद दाराआड चाललेली मंडळं. म्हणजे एकीकडे फ्रीमेसन (बंधुत्व मानणारी, दीक्षा देऊन सभासद करणारी युरोपातून आलेली संस्था) आणि दुसरीकडे क्रांतिकारकांच्या गुप्त संघटना.

फ्रीमेसन हॉल आतून बघायला मिळतो का? अभिनव भारत (सावरकरांची गुप्त संघटना) आणि चापेकर बंधू यांचा फोर्टशी खरा संबंध किती, की ओढूनताणून जोडल्यासारखं होईल? कुठून सुरुवात करून कुठे संपवावं? आणि अशा फेऱ्यांत नेहमी कोणत्या चुकीच्या गोष्टी सांगितल्या जातात, तेही कळलं तर फार बरं. तीन तासांच्या वर नको.

दगडी_कमान

मार्गाचं आधी सांगतो, कारण क्रम चुकला की माणसं उन्हात रस्ते ओलांडत बसतात आणि सांगणाऱ्याचा आवाज बसांखाली जातो.

सीएसएमटीसमोर महापालिकेच्या इमारतीपाशी, फिरोजशहा मेहतांच्या पुतळ्याजवळ सव्वासातला जमा. साडेसातला निघायचं म्हणजे निघायचं. तिथून आझाद मैदानाची कड. हा जुन्या एस्प्लनेडचा भाग. किल्ल्याच्या तोफांना समोर मोकळी जागा हवी म्हणून इथे बांधकाम होऊ देत नसत. याच एस्प्लनेडवर १५ ऑक्टोबर १८५७ ला मरीन बटालियनचा ड्रिल हवालदार सय्यद हुसेन आणि दहाव्या पलटणीचा शिपाई मंगल गाडिया यांना तोफेच्या तोंडी दिलं. शिपायांच्या बैठका सोनापूर भागात गंगाप्रसाद नावाच्या माणसाच्या घरी होत, आणि पोलिसांचा प्रमुख चार्ल्स फॉर्जेट याने भिंतीतल्या भोकांतून त्या पाहिल्या-ऐकल्या. तुमच्या विषयाचं दार इथेच उघडतं: गुप्त बैठक, पाळत, आणि भर मैदानात दिलेली शिक्षा.

मग मैदानाच्या पूर्वेकडच्या हजारीमल सोमाणी मार्गाने अलेक्झांड्रा शाळा आणि पुढे आतल्या गल्लीत डी. सुखडवाला मार्गावरचा फ्रीमेसन हॉल. स्टर्लिंग सिनेमा ही सगळ्यांना कळणारी खूण. इथवर दादाभाई नौरोजी रोड ओलांडायची गरजच पडत नाही, म्हणून हा क्रम. तिथून डी. एन. रोडच्या कमानींखालून हुतात्मा चौक. या कमानी ज्येष्ठांसाठी वरदान आहेत: सावली सलग मिळते आणि रविवारी सकाळी फेरीवालेही नसतात.

हुतात्मा चौकात थोडं थांबा. किल्ल्याचा चर्चगेट नावाचा दरवाजा इथे होता. १८६० च्या दशकात बार्टल फ्रियर गव्हर्नर असताना तट पाडले आणि १८६४ मध्ये फ्लोरा फाउंटन उभं राहिलं. अपोलो गेट, चर्चगेट आणि बाजारगेट या तिन्ही दरवाजांच्या जागा नकाशावर दाखवल्या की आपण तटाच्या आत आहोत की बाहेर हे लोकांना पुढे स्वतःहून कळू लागतं. ए-थ्री कागदावर मोठा छापलेला नकाशा ठेवा. मोबाइलचा पडदा अठरा जणांना दिसत नाही.

मग पश्चिमेला उच्च न्यायालय, ओव्हलच्या बाजूने. दर्शनी भाग पश्चिमेकडे तोंड करून असल्याने सकाळी तो सावलीत असतो आणि फोटो काळवंडतात. हे आधी सांगून टाका, नाहीतर दहा मिनिटं त्यातच जातात. शेजारी राजाबाई टॉवर आहेच. तो आणि न्यायालय दोन्ही नोव्हेंबर १८७८ मध्ये पुरे झाले. टॉवरसाठी प्रेमचंद रायचंद यांनी दोन लाख रुपये दिले. यापेक्षा जास्त त्यावर बोलू नका, तो वेगळ्या फेरीचा विषय आहे.

परत पूर्वेकडे वीर नरिमन रोडने सेंट थॉमस कॅथीड्रल (नाताळ १७१८ ला उपासनेसाठी खुलं झालं), हॉर्निमन सर्कल, टाउन हॉल. टाउन हॉलच्या पायऱ्यांवर बसून वीस मिनिटं बोला, ज्येष्ठांना टेकायलाही मिळतं. शेवटी दक्षिणेला लायन गेट आणि काळा घोडा. लायन गेटच्या आत नौदलाचं आय.एन.एस. आंग्रे आहे, तिथे कॅमेरे पिशवीत. रिझर्व्ह बँकेच्या बाजूलाही तेच.

एकूण अंतर साडेतीन किलोमीटरच्या आसपास. चालणं तासाभराचं, बाकी थांबे. सात थांबे पुरे. आठवा घेतलात की शेवटचे दोन कुणीच ऐकत नाही. एक माणूस पुढे, एक शेवटी. हुतात्मा चौकात अठरा जण एका सिग्नलमध्ये पार होत नाहीत, तेव्हा पलीकडे सगळे येईपर्यंत बोलायला सुरुवात करू नका.

चौकट_कंपास

फ्रीमेसन हॉलबद्दल. खासगी मालमत्ता आहे, तिथे आजही लॉजच्या (फ्रीमेसनांच्या शाखेला लॉज म्हणतात) सभा भरतात. दारावर जाऊन विचारलं तर पहारेकरी नाहीच म्हणणार. आत जायचं असेल तर कित्येक आठवडे आधी लेखी विनंती, त्यात माणसांची संख्या, हेतू आणि फोटो काढणार की नाही हे स्पष्ट. उत्तर न आल्यास बाहेरूनच बघा, आणि गटाला हे आधीच कळवा. रस्ता अरुंद आहे, समोरच्या पदपथावर उभं राहून दहा मिनिटांत आटपा.

बाहेरून सांगण्यासारखं भरपूर आहे. इमारत १८९७ ची, पण गोष्ट त्याआधी अर्धशतक सुरू होते. माणेकजी करसेटजी या पारशी गृहस्थांना इंग्लंडमध्ये लॉजचा प्रवेश नाकारला गेला, त्यांना दीक्षा मिळाली ती पॅरिसमध्ये. मुंबईत परतल्यावरही गोऱ्यांच्या लॉजने दार उघडलं नाही. तेव्हा डॉ. जेम्स बर्न्स यांनी डिसेंबर १८४३ मध्ये ‘रायझिंग स्टार ऑफ वेस्टर्न इंडिया’ हे लॉज काढलं, तेही स्कॉटलंडच्या ग्रँड लॉजखाली, आणि हिंदी, म्हणजे भारतीय, माणसांना घेण्यासाठीच. सर्व माणसं भाऊ, असं मानणाऱ्या संस्थेत भावाच्या रंगावरून मतदान होत होतं, हा या थांब्याचा गाभा ठेवा. कलकत्त्यात प्रसन्नकुमार दत्त यांना प्रवेश मिळायला १८७२ उजाडावं लागलं.

आणि याच माणेकजींनी १८६३ मध्ये अलेक्झांड्रा मुलींची इंग्रजी शाळा काढली. दगडी_कमान यांनी ती शाळा हॉलच्या आधी घेतलीय ते उत्तमच: आधी माणूस कळतो, मग लॉज.

दुसरा धागा लायन गेटसमोर सापडतो. तिथली के. आर. कामा ओरिएंटल इन्स्टिट्यूट ज्यांच्या नावाने आहे ते खरशेदजी रुस्तमजी कामा हे जरथुस्ती धर्मग्रंथांचे अभ्यासक आणि मुंबईतल्या फ्रीमेसनांमधलं मोठं नाव. दादाभाई नौरोजीही फ्रीमेसन होते. त्यामुळे ‘फ्रीमेसन म्हणजे साहेबांचे हस्तक’ हे वाक्य टाळा. लॉजमध्ये राजकारण आणि धर्म यांवर वाद घालायला मनाई असते. गोरा अधिकारी आणि देशी शेटजी एका टेबलाशी बसू शकत होते ते त्याच नियमामुळे, आणि राज्य उलथवायचा विचार त्या खोलीत होऊ शकत नव्हता तोही त्याच नियमामुळे. ओळखी, देणग्या, शाळा-दवाखान्यांचे निधी: लॉजचा उपयोग तिथे झाला.

चुका विचारल्यात. पहिली: इमारतीवर सहा कोनांचा तारा दिसला की ‘ही फ्रीमेसनांची खूण’. व्हिक्टोरियन काळात तारा हा साधा नक्षीचा नमुना होता. गुण्या (काटकोन मापायचं हत्यार) आणि कंपास एकत्र दिसले तरच बोला. दुसरी: दगडावरच्या कोरीव खुणा. त्या पाथरवटांच्या कामाच्या असतात, लॉजच्या नव्हेत. तिसरी: तेहेतीस पदव्यांची शिडी. मूळ पदव्या तीनच, शिकाऊ, सहकारी आणि उस्ताद. बाकीच्या वेगळ्या संस्थांच्या जोडपदव्या. चौथी: आजचं लॉज लंडनवरून चालतं असं सांगणं. भारताचं स्वतंत्र ग्रँड लॉज २४ नोव्हेंबर १९६१ पासून आहे.

सोनापूरची_गल्ली

क्रांतिकारकांचा फोर्टशी संबंध खरा आहे, पण तो नीट मांडायला हवा. फोर्टमध्ये त्यांच्या बैठकीच्या खोल्या शोधू नका. बैठका नाशकात तिळभांडेश्वराच्या गल्लीत, चिंचवडात, पुण्यात झाल्या. फोर्टमध्ये आहे ते सरकारचं उत्तर, म्हणजे न्यायालय. त्यामुळे ‘इथे शपथा घेतल्या’ असं एकाही इमारतीसमोर म्हणू नका. ‘इथे त्यांना शिक्षा सुनावल्या’ एवढं खरं आहे आणि तेवढं पुरेसं जड आहे.

अपवाद एकच, आणि तो हुतात्मा चौकाजवळ. राणी व्हिक्टोरियाचा संगमरवरी पुतळा (मॅथ्यू नोबलने घडवलेला, १८७२ मध्ये बसवलेला) तेव्हा एस्प्लनेड रोडवर तारघराच्या जवळ होता. १८९६ मध्ये दामोदर चापेकर यांनी त्याला डांबर फासून जोड्यांची माळ घातली, आणि ते कृत्य आपलंच असल्याचं पुढे अटकेनंतर लिहून दिलं. तोवर सरकारला कुणावरही बोट ठेवता आलं नव्हतं. २२ जून १८९७ ला पुण्यात गणेशखिंड रस्त्यावर प्लेग अधिकारी रँडवर गोळी झाडली ती त्याच मंडळींनी. पुतळा आता भायखळ्याच्या भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात आहे. मूळ जागी काहीच उरलेलं नाही, म्हणून जुनं छायाचित्र छापून न्या.

न्यायालयासमोर दोन खटले शेजारीशेजारी ठेवा. जुलै १९०८, टिळकांचा राजद्रोहाचा खटला: न्यायमूर्ती दावर, नऊ जणांची ज्यूरी, सात गोरे विरुद्ध दोन हिंदी असा निकाल, सहा वर्षं काळं पाणी. आणि १९१०, नाशिक कट: न्यायमूर्ती स्कॉट, चंदावरकर आणि हीटन यांचं विशेष न्यायासन. ज्यूरी नाही, अपील नाही. मधल्या काळात, १९०८ च्या अखेरीस, कायदाच बदलला होता. गुप्त संघटनांच्या धास्तीने सरकारने स्वतःचीच न्यायपद्धती आखूड केली, हे या दोन तारखांमधून आपोआप उभं राहतं.

नाशिकची साखळी थोडक्यात अशी. लंडनच्या इंडिया हाउस या हिंदी विद्यार्थ्यांच्या वसतिगृहातला स्वयंपाकी चतुर्भुज अमीन १९०९ च्या सुरुवातीला पेटीच्या खोट्या तळात वीस ब्राउनिंग पिस्तुलं घालून मुंबईत उतरला. २१ डिसेंबर १९०९ ला साधारण अठरा वर्षांच्या अनंत कान्हेरे यांनी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या. कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांचा खटला मुंबईत चालला, फाशी १९ एप्रिल १९१० ला ठाण्याच्या तुरुंगात झाली. अमीन पुढे माफीचा साक्षीदार झाला. सावरकरांना डिसेंबर १९१० मध्ये कटाच्या आणि ३० जानेवारी १९११ ला खुनाला साहाय्य केल्याच्या खटल्यात, अशा दोन जन्मठेपा झाल्या. बरेच जण दोन्ही एकाच दिवशीच्या सांगतात, ते चूक.

इथे गटात वाद पेटण्याची शक्यता असते. तारीख, कलम, न्यायासन, शिक्षा एवढ्यावर रहा आणि पुढच्या राजकारणाचे प्रश्न चहाच्या वेळेसाठी राखून ठेवा.

पायवाट_फोर्ट

फारच नेमकं, मनापासून आभार. दोन शंका. न्यायालयाच्या आत टिळकांचा शिलालेख आहे ना, तो रविवारी बघता येईल का? आणि न्यायालयाच्या दगडातलं ते एका डोळ्यावर पट्टी बांधलेलं माकड, ते सांगावं का?

दगडी_कमान

शनिवार-रविवारी आत सोडतीलच असं धरू नका, आधी चौकशी करा. शिलालेख मध्यवर्ती न्यायदालनाबाहेर आहे, म्हणजे खोली क्रमांक ४६. त्याचं अनावरण १९५६ मध्ये मुख्य न्यायमूर्ती छागला यांनी केलं. शिक्षा ऐकल्यावर टिळकांनी काढलेले उद्गार, म्हणजे ज्यूरी काहीही म्हणो मी निर्दोष आहे आणि या न्यायासनावर एक मोठी शक्ती आहे, ते त्याच न्यायालयाने आपल्या भिंतीवर कोरून घेतलेत. ते बघायला कामाच्या दिवशी पाच-सहा जणांचा वेगळा गट न्या. सरकारी ओळखपत्र प्रत्येकाकडे, मोठ्या पिशव्या नकोत, दालनात फोन बंद. न्यायालयाचं छोटं संग्रहालयही त्याच फेरीत होतं. रविवारच्या गटासाठी मजकुराचं मराठी भाषांतर कागदावर घेऊन ओव्हलच्या कडेला वाचा.

माकड जरूर दाखवा, दुर्बीण असली तर उत्तम. पण ‘कंत्राटदाराने खटला हरल्याचा सूड उगवला’ ही आख्यायिका आहे, तशीच सांगा.

आणि सेंट थॉमसमध्ये रविवारी सकाळी उपासना असते. तुम्ही नऊ-सव्वानऊला पोचाल, तेव्हा आत घोळका नेऊ नका. वेळ आधी फोनवर विचारून घ्या. उपासना चालू असेल तर हॉर्निमन सर्कल आणि टाउन हॉल आधी घ्या आणि परत या, अंतर दोन-तीन मिनिटांचं आहे. आत गेलात तर गव्हर्नर जोनाथन डंकनचं स्मारक चुकवू नका, राज्यकर्त्यांना स्वतःची कशी आठवण ठेवायची होती ते तिथे दगडात दिसतं.

सोनापूरची_गल्ली

एक भर: रविवारी मध्य आणि हार्बरवर मेगाब्लॉक असतो, बहुधा दहा-साडेदहानंतर सुरू होतो. येताना अडचण नाही, जाताना होते. ठाणे-पनवेलकडच्या मंडळींना आदल्या रात्री वेळापत्रक पाठवा. काळा घोड्याला संपवल्यावर सीएसएमटीपर्यंत परत चालायला वीस मिनिटं तरी लागतात. गुडघे दुखणाऱ्यांसाठी दोन टॅक्सी ठरवून ठेवा. स्वच्छतागृह सीएसएमटीला सुरुवातीलाच वापरायला सांगा, वाटेत रविवारी उघडं सापडेलच असं नाही.

चौकट_कंपास

हॉलचं परवानगीपत्र आजच पाठवा. डिसेंबरात लॉजचे कार्यक्रम जास्त असतात, नकार तारखेमुळेही येऊ शकतो, म्हणून पत्रात दोन पर्यायी तारखा द्या.