मदत हवी आहे: बॉस्टनच्या फ्रेंच लायब्ररीत क्लास लावू का? (एच-४ व्हिसा, वय ३६, बारावीचं फ्रेंच)

नमस्कार मंडळी,

प्रश्न लांबलचक आहे, चहा घेऊन बसा.

बारावीला मला फ्रेंचमध्ये ९४ मार्क होते. पुण्याच्या कॉलेजात फ्रेंच का घेतात हे इथल्या निम्म्या लोकांना सांगायला नको. स्कोअरिंग! धातू चालवायचे, पत्रलेखन पाठ करायचं, उताऱ्यातलं वाक्य उचलून उत्तरात ठेवायचं. मार्क पडले, मराठी-संस्कृतवाल्यांना हिणवून झालं आणि फ्रेंच तिथंच राहिलं.

सध्या आम्ही बॉस्टनजवळ क्विन्सीला राहतो. नवरा एच-१बीवर (नोकरीचा व्हिसा), चौथं वर्ष चालू आहे. मी एच-४, म्हणजे त्याची बायको म्हणून मिळालेला व्हिसा. त्याची आय-१४० (ग्रीन कार्डसाठी कंपनीने करायचा अर्ज) अजून व्हायची आहे, त्यामुळे मला ईएडी, म्हणजे कामाचा परवाना, नाही. पुण्यात पाच वर्षं अकाउंटंट होते. ती नोकरी सोडून सात वर्षं झाली: आधी लेक झाली, मग कोविड, मग बॉस्टन. ग्रीन कार्डच्या रांगेबद्दल लिहीत नाही, दर देशाला फार तर सात टक्के कार्डं हा हिशोब सगळ्यांना पाठ आहे. लेक एकवीसची होईपर्यंत आमचा नंबर लागेल असं नवऱ्यालाही वाटत नाही. म्हणून घरात 'कॅनडा' हा शब्द वारंवार निघतो आणि, तिथे फ्रेंचचे जादा गुण मिळतात म्हणून, त्यामागून 'तुला फ्रेंच येतं ना?' हा प्रश्न.

येतं कुठलं!

गेल्या जुलैत आम्ही बॅक बेमध्ये मार्लबरो स्ट्रीटवर बास्तीय दिनाच्या जत्रेला गेलो होतो. (मुंबईकरांसाठी: हा बॅक बेसुद्धा भरावाचाच. एकोणिसाव्या शतकात पाणथळ बुजवून केलेला.) रस्ता बंद करून गाणीबजावणी चालू होती. ती जत्रा भरवणारी संस्था म्हणजे ५३ मार्लबरो स्ट्रीटची फ्रेंच लायब्ररी. सप्टेंबरात लेकीला घेऊन आत गेले. बाहेरून शेजारच्या घरांसारखंच जुनं घर, आत मात्र पुस्तकंच पुस्तकं, सगळी फ्रेंच. लेक मुलांच्या कपाटापाशी फतकल मारून बसली. चित्रं बघून गोष्ट स्वतःच रचत होती, मराठीत.

दुसऱ्या महायुद्धात जर्मनीविरुद्ध लढणारा फ्रेंच सेनानी द गॉल याच्या बाजूने उभ्या राहिलेल्या इथल्या मंडळींच्या वाचनालयातून १९४५ साली ही लायब्ररी उभी राहिली. १९६१ साली शिल्पकार कॅथरीन लेन वीम्स यांनी हे घर संस्थेला देऊन टाकलं. हार्वर्डच्या जीवशास्त्र इमारतीच्या दारातले ते दोन काशाचे गेंडे पाहिलेत? ते यांचेच. मधल्या काळात संस्थेचं नाव दोनतीनदा बदललं, त्यात अलियाँस फ्राँसेझही (जगभर फ्रेंच शिकवणाऱ्या संस्थांचं नाव) होतं. नफ्यासाठी नाही, सभासद, देणग्या आणि क्लासची फी यांवर चालते. आपल्याकडच्या नगर वाचनालयासारखीच की.

क्लास लावण्याआधी पातळी ठरवायला बोलून बघतात. समोरच्या बाई फार गोड होत्या. मी आधीच घरून घोकून आणलेलं वाक्य टाकलं, की शाळेत फ्रेंच होतं, मार्क चांगले होते. त्यांनी सहज विचारलं, किती? आणि मला ९४ म्हणता येईना. फ्रेंचमध्ये ते कात्र-वँ-कातोर्झ, म्हणजे चार-वीस-चौदा. मी नव्वदला काय म्हणतात ते शोधत बसले, तसा सुटा शब्द पॅरिसच्या फ्रेंचमध्ये नाहीच. बालभारतीने २०१९ साली दुसरीच्या पुस्तकात 'वीस एक' आणलं तेव्हा मीही चिकार चिडले होते. त्या खुर्चीत बसून मात्र वाटलं, कुणीतरी फ्रेंचांनाही 'नव्वद चार' शिकवा. शेवटी बोटाने टेबलावर आकडा काढून दाखवला. पातळी ठरली ए२ (ए१ ते सी२ या सहांतली खालून दुसरी), तीही दयेने असावी.

तर मला विचारायचंय ते असं. नवऱ्याचं म्हणणं, कॅनडासाठीच शिकायचंय तर घरबसल्या ऑनलाइन शिक, दर आठवड्याला ट्रेनने बॅक बेला कशाला? मागे एका ऑनलाइन शिकवणीचे सहा महिन्यांचे पैसे भरले होते. बाईंचा कॅमेरा कायम बंद, शिकवणं सगळं इंग्रजीतून. नाव लिहीत नाही, पण पुन्हा तो अनुभव नको. मला लायब्ररीतच जायचंय. खरं कारण सांगायचं तर चार वर्षांत या शहरात लेकीची आई म्हणून नाही, तर माझी मी म्हणून गेले अशी ती पहिली जागा. पण हे कारण घरच्या बजेटच्या तक्त्यात बसत नाही.

कुणी तिथे किंवा दुसऱ्या गावच्या अलियाँसमध्ये शिकलंय का? बी२ पर्यंत (ए२ च्या वर दोन पातळ्या) किती दिवस लागतात? फ्रेंचची परीक्षा देल्फ द्यावी की टीईएफ? आणि एच-४ वर तिथे फुकट काम केलं तर चालतं का? कपाटं लावायला माणसं हवी असतीलच.

—

टोरांटोकर:

ताई, देल्फचं प्रमाणपत्र जन्मभर चालतं, पण एक्स्प्रेस एंट्रीला (कॅनडात कायमचं राहायला गुणांवर निवड करायची पद्धत) ते धरत नाहीत. टीईएफ कॅनडा किंवा टीसीएफ कॅनडाच लागते आणि निकाल दोनच वर्षं चालतो. वाचन, लेखन, श्रवण, संभाषण, चारही भागांत एनसीएलसी ७ (कॅनडाच्या मोजपट्टीवरची फ्रेंचची पातळी, साधारण बी२) हवं. इंग्रजी बरं असेल तर त्याचे वरचे ५० गुण, शिवाय २०२३ पासून फ्रेंचवाल्यांचे वेगळे ड्रॉ (निवडीच्या फेऱ्या) निघतात. त्यांची कटऑफ ४०० च्याही खाली गेलेली आहे. हे ५० गुण मुख्य अर्जदारालाच मिळतात, म्हणजे अर्ज तुमच्या नावाने हवा.

आता खरी गोम. परदेशातल्या अनुभवावर अर्ज करताना सलग एक वर्षाचा कुशल कामाचा अनुभव मागच्या दहा वर्षांतला लागतो. नोकरी सोडून सात वर्षं झाली म्हणताय, म्हणजे तुमचं शेवटचं वर्ष अजून दोनच वर्षं या खिडकीत बसेल. नवरोजींना फीचा तक्ता बाजूला ठेवून आधी हा मांडायला सांगा. पदवीचं मूल्यांकनही आत्ताच करून घ्या, पुण्याहून कागद यायला वेळ लागतो.

—

झणझणीत_मिसळ:

मी फ्रेंच शिकवते (नागपूर, मग लियाँ, मग न्यू जर्सी). वरच्या हिशोबात माझीही भर. ए२ वरून बी२ ला चारशेच्या आसपास तास धरा. आठवड्यातून एकदा, समजा दोन तास, असे दहा आठवडे म्हणजे सत्राला २० तास. नुसत्या क्लासच्या भरवशावर पाच वर्षं जातील. म्हणून क्लास लावायचाच, पण कपाटं आणि गप्पांचे गट वसूल करायचे. रोज सकाळी आरएफआय या फ्रेंच रेडिओच्या सोप्या फ्रेंचमधल्या बातम्या ऐका, दहा मिनिटांच्या असतात. टीव्ही५माँद या फ्रेंच वाहिनीचे सराव फुकट आहेत.

आणि घाबरू नका, मराठी माणसाला बऱ्याच गोष्टी आयत्या मिळतात. टेबल स्त्रीलिंगी का, म्हणून अमेरिकन विद्यार्थी रडतात. आपण तीन लिंगं सांभाळून लहानाचे मोठे झालो. नाकातले उच्चार जुन्या कोकणी आज्या सहज करतात. टीईएफच्या तोंडी परीक्षेत तर आधी जाहिरात वाचून अनोळखी माणसाकडून माहिती काढायची, ती 'वू' म्हणत. मग दुसरी जाहिरात घेऊन मित्राला पटवायचं, ते 'त्यू' म्हणत. 'अहो' वरून 'अरे' वर यायचं, बस्स. इंग्रजीवाले नेमके तिथे अडखळतात.

ऑनलाइन वाईट नसतं हो, तुमचे पैसे चुकीच्या ठिकाणी गेले. पण तुमची अडचण व्याकरणाची नाही, तोंड उघडण्याची आहे. त्याला समोर माणूस लागतो.

—

फाटकी_छत्री:

वकील नाही, स्वतः एच-४ वर तीन वर्षं काढलीत. एच-४ वर शिकायला आडकाठी नाही. ना-नफा संस्थेत खरोखरचं स्वयंसेवी काम चालतं. अट एवढीच, की एरवी पगार देऊन माणूस ठेवतात ते काम नको आणि मोबदल्यात काही घ्यायचं नाही. 'काम करा, क्लास फुकट देतो' असं कुणी प्रेमानं म्हटलं तरी नको म्हणा, तो मोबदला ठरू शकतो. काय करणार ते लेखी ठेवा आणि यजमानांच्या वकिलाला एक मेल टाका. क्लासची फी देणगीत धरत नाहीत, पण कधी वेगळी देणगी दिलीत तर यजमानांची कंपनी तेवढीच भर घालते का बघा, बऱ्याच घालतात.

—

धागाकर्ती:

सगळ्यांचे आभार. दोन वर्षांचं गणित आमच्या दोघांच्याही डोक्यात आलं नव्हतं. काल जेवताना नवऱ्याला वाचून दाखवलं. तो दोन मिनिटं वरणभात कालवत राहिला आणि म्हणाला, शनिवारी लेक माझ्याकडे.

ए२ च्या शनिवारच्या वर्गात नाव घातलंय. स्वयंसेवक म्हणून काय करता येईल याची चौकशी मेलवर केली, वकिलालाही विचारलंय. मिसळताई, बातम्या आजपासून सुरू केल्या. पहिल्या दहा मिनिटांत 'नमस्कार' आणि मॅक्रॉं एवढंच कळलं. आकडे तर नुसते पळतात. फक्त आकडे ऐकायचा काही सराव असेल तर सांगाल का? सत्तरच्या पुढचे.