लोंबणाऱ्या चुनखडीला ‘स्तंभ’ म्हणावे का?

विचारणा (वाशी)
आंध्र प्रदेशातील बोर्रा गुहांवर लेख लिहीत आहे. छतातून लोंबणाऱ्या आणि जमिनीवरून वर चढणाऱ्या चुनखडीच्या आकारांना शालेय भूगोलाप्रमाणे मी अधोमुखी आणि ऊर्ध्वमुखी लवणस्तंभ म्हटले. मजकूर वाचून आईने विचारले, ‘तिथे मिठाचे खांब आहेत का?’ दुसरा शब्द सुचवावा.

उत्तर (नौपाडा, ठाणे)
आपल्या मातोश्रींची शंका रास्त आहे. रसायनशास्त्राच्या दृष्टीने कॅल्शियम कार्बोनेट हे लवणच आहे. पण बोलीत लवणाचे ‘लोण’ झाले आणि लोणचे, लोणार, भिंतीला लागणारा लोणा हे सारे शब्द खारटपणा घेऊनच आले. गुहेत घडते ते निराळे. पावसाचे पाणी मातीतून झिरपताना कार्बन डायऑक्साइड शोषून सौम्य आम्लधर्मी होते, वाटेतली चुनखडी विरघळवते, आणि थेंब छताला लोंबत असताना तो वायू हवेत निसटला की पाण्याला न पेलणारी चुनखडी तिथेच चिकटून राहते. ही वाढ सर्वसाधारणपणे वर्षाला ०.१ मिलिमीटरच्या आसपास, म्हणजे वीतभर लांबीला सुमारे दोन हजार वर्षे.

माझा खरा आक्षेप ‘स्तंभ’ या उत्तरपदाला आहे. स्तंभ जमिनीवर उभा असतो. छतातून लोंबणाऱ्या वस्तूला तो शब्द लावल्यामुळेच ‘अधोमुखी’ हे जड विशेषण जोडावे लागते. वरच्याला चुनलोलक आणि खालच्याला चुनखुंट म्हणावे, आणि दोन्ही वाढत वाढत एकमेकांना भिडले म्हणजे मगच त्याला चुनस्तंभ म्हणावे.

पुरवणी (ऐरोली)
‘चुनलोलक’ मला पटला. बोर्रा गुहांशी जोडलेल्या नदीचे नाव गोस्तनी आहे, आणि टोकाशी थेंब धरलेला लोलक गाईच्या सडासारखाच दिसतो, हेही लेखात यावे.

आमच्या जुन्या इमारतीच्या गळक्या स्लॅबखाली पावसाळ्यानंतर अशाच पांढऱ्या पोकळ काड्या लोंबतात. तिथली क्रिया मात्र उलटी असते: सिमेंटमधला चुना पाण्यात उतरतो, थेंब हवेतला कार्बन डायऑक्साइड सोडण्याऐवजी शोषून घेतो, आणि काडी गुहेतल्यापेक्षा कितीतरी वेगाने वाढते. साचणारा पदार्थ दोन्हीकडे कॅल्शियम कार्बोनेटच असल्याने चुनलोलक हा शब्द स्लॅबखालच्या काडीलाही चालावा. ‘चुनखुंट’ मात्र कानाला जरा ठेचकाळतो, त्यावर आणखी विचार व्हावा.