तुळाजी आंग्रे यांच्या ताफ्यातील ‘रिस्टोरेशन’

प्रश्न (वाघोटणकाठ):
विजयदुर्गाच्या तटावरून खाडीकडे पाहताना माझे वडील नेहमी सांगत, की १७५६ साली आंग्र्यांचे आरमार इथेच जळाले आणि पहिली आग लागली ती मूळच्या इंग्रजांच्याच एका जहाजाला. हे शत्रूचे जहाज आंग्र्यांकडे कसे आले आणि एकाच्या आगीत सगळा ताफा कसा सापडला, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

प्रतिसाद (तांडेल):
आपल्या वडिलांनी सांगितले ते खरे आहे. ‘रिस्टोरेशन’ हे ईस्ट इंडिया कंपनीचे सशस्त्र जहाज आंग्र्यांच्या आरमाराचे प्रमुख तुळाजी यांनी १७४९ साली जिंकून घेतले. आंग्र्यांची लढण्याची रीत अशी, की वारा पडला म्हणजे चाळीस-पन्नास वल्ह्यांची गलबते गुराबांना (तोफा असलेल्या मोठ्या लढाऊ जहाजांना) ओढत शत्रूच्या पिछाडीला नेत आणि गुराबांच्या लांब, बसक्या नाळेवरच्या (पुढच्या टोकावरच्या) तोफा तिथून डागल्या जात. मोठ्या जहाजाच्या बहुतेक तोफा दोन्ही कुशींना असल्यामुळे त्याला मागून आलेला मारा परतवणे अवघड जाई. १२ फेब्रुवारी १७५६ रोजी इंग्रज ॲडमिरल वॉटसनने किल्ल्यावर भडिमार सुरू केला, तेव्हा एक कुलपी गोळा (आत दारू भरलेला, फुटणारा गोळा) ‘रिस्टोरेशन’वर पडला, ते पेटले आणि थोड्याच वेळात आंग्र्यांचा ताफाही पेटला. दुसऱ्या दिवशी किल्ला इंग्रजांच्या हाती गेला.

प्रतिसाद (गिर्येची गोदी):
त्यात थोडी भर घालतो. लाकूड, डांबर, काथ्याचे दोर आणि शिडे यांनी बनलेली जहाजे बंदरात जवळजवळ उभी असली, तर आग एका डोलकाठीवरून दुसरीवर जाण्यास वेळ लागत नाही. पण माझ्या मते खरा घात त्याआधीच झाला होता. समुद्राकडून वॉटसनचे ७० तोफांचे ‘केंट’ आणि इतर लढाऊ जहाजे, तर जमिनीकडून नानासाहेब पेशव्यांची फौज, अशा कोंडीत चपळाई हेच ज्याचे बळ ते आरमार नांगरावर खिळून राहिले. स्वतः तुळाजी तर भडिमारापूर्वीच पेशव्यांच्या छावणीत गेले होते. कान्होजींच्या काळापासून जपलेले हे आरमार बुडवण्यास पेशव्यांनीच हात दिला, याचे मला आजही अतिशय वाईट वाटते.

वाघोटणकाठ:
दोघांचेही मनःपूर्वक आभार. वडील तटावरून ज्या जागेकडे बोट दाखवीत, तिथे आता ओहोटीच्या वेळी मुलाला घेऊन जाईन.