पोट बिघडलंय, कामावर जावं का? जाणकारांनी लिहा

गोदाकाठ:
पावसाळा लागला आणि नाशिकच्या अंबड-सातपूर कारखान्यांतल्या शिफ्टवाल्यांचा जुना प्रश्न आठवला. रात्रभर उलट्या-जुलाब, सकाळी सातची पाळी. काय करावं?

टूलरूम:
पॉवर प्रेस, लेथ, फोर्कलिफ्टवर असाल तर नाहीच जायचं. अंगातलं पाणी कमी झालं की उभं राहताच अंधारी येते. सहा-आठ तास लघवी नाही किंवा गडद पिवळी, तर शिफ्ट सोडा, दवाखाना गाठा. ताप किंवा शौचात रक्त असेल तर जुलाब थांबवायची गोळी खाऊन पाळी काढू नका, इन्फेक्शन आतच राहतं.

देवळालीची ताई:
ओआरएसचं (जुलाबात घ्यायची मीठ-साखरेची पूड) मोठं पाकीट पूर्ण एक लिटर पाण्यात. ग्लासात अंदाजाने नको, दाट झालं तर जुलाब वाढतात. पाकीट नसेल तर लिटरभर उकळून गार केलेल्या पाण्यात साखर 6 सपाट छोटे चमचे, मीठ अर्धा. उलटी झाली की 10 मिनिटं थांबून पुन्हा चमच्या-चमच्याने. फळांच्या चवीचं टेट्रापॅक घेऊ नका हो, त्यात साखरच जास्त. पाकिटावर डब्ल्यूएचओचं (जागतिक आरोग्य संघटना) सूत्र लिहिलेलं बघा.

कॅन्टीनवाला:
मिसळ, वडापाव, कॅन्टीन, जिथे हात अन्नाला लागतो तिथे शेवटचा जुलाब थांबल्यावर अजून 48 तास घरी. बरं वाटलं तरी जंतू शौचातून जात असतात. सॅनिटायझरवर भागत नाही, साबण लावून 20 सेकंद हात धुवा.

पगारपत्रक:
ईएसआयवाल्यांनो (कामगार राज्य विमा), आजारपणाचे पैसे वेतनाच्या 70 टक्के, पण पहिले दोन दिवस सहसा धरत नाहीत. म्हणजे एक-दोन दिवसांसाठी किरकोळ रजाच टाका. जास्त लांबलं तर ईएसआय डॉक्टरचं सर्टिफिकेट पहिल्या दिवसापासूनचं घ्या.

गोदाकाठ:
खाल्ल्यावर दोन-तीन तासांतच उलट्या म्हणजे?

कॅन्टीनवाला:
बहुतेक विष आधीच अन्नात तयार झालेलं. स्टॅफ नावाच्या जंतूचं विष परत उकळूनही जात नाही. बऱ्याचदा दिवसभरात उतरतं.

सिन्नर फाटा:
आमच्याकडे फोडणीच्या भाताचा विषय रोजचा. रात्रीचा भात चालतो ना?

देवळालीची ताई:
पातेल्यात झाकून ओट्यावर राहिला असेल तर नाही. काही जंतूंचे बीजाणू (टणक कवचातलं सुप्त रूप) शिजवूनही मरत नाहीत, कोमट भातात वाढतात. गरम असतानाच परातीत पसरा, वाफ गेली की फ्रीजमध्ये. दुसऱ्या दिवशी वाफ येईपर्यंत परता.

सिन्नर फाटा:
आणि मोड आलेली मटकी?

देवळालीची ताई:
चिकट लागली, आंबट वास आला तर फेका. चांगली असेल तरी कच्ची नको, उकडूनच खा.