शॉपमध्ये चार भाषांची माणसं, मालक म्हणतात एकच भाषा ठेवा. काय करू?

उद्यमबागवाला

नमस्कार मंडळी. मी बेळगावच्या उद्यमबागेत एका मशीन शॉपमध्ये आहे, आधी व्हीएमसीवर (कॉम्प्युटरवर चालणारं मिलिंग मशीन) ऑपरेटर होतो, दिवाळीनंतर शिफ्ट सुपरवायझर केलंय. दीडशेच्या आसपास माणसं आहेत आणि मागच्या शेडमध्ये छोटी फाउंड्री, म्हणजे धातू ओतायचं काम. मशीनवर अनगोळ, मच्छे, येळ्ळूरची आपली मराठी पोरं, बैलहोंगल-गोकाककडची कन्नड पोरं, मेंटेनन्सला शहरातले उर्दू बोलणारे दोन-तीन जुने फिटर, आणि फेटलिंगला, म्हणजे ओतलेले भाग घासून साफ करायला, सगळे बिहार-ओडिशाचे, तेही कॉन्ट्रॅक्टवर. तसं रोजचं काम अडत नाही, बेळगावात कुणाला कुणाची भाषा अजिबात येत नाही असं नसतंच, अर्ध वाक्य मराठी अर्ध कन्नड करून चालतंय.

पण डबा खायला बसले की चार टोळकी चार कोपऱ्यात. व्हॉट्सॲप ग्रुप पण वेगवेगळे. ऑफिसचा एक ग्रुप आहे त्यात इंग्रजीत सर्क्युलर टाकतात, ते कोण वाचतंय देव जाणे. गेल्या आठवड्यात क्रेनवर कास्टिंग (ओतलेला भाग) उचलताना ते झोके खायला लागलं, खालून तिघं तीन भाषांत एकदम ओरडले आणि क्रेनवाल्याला कुणाचं ऐकायचं तेच कळेना. हेल्पर पोरगं बाजूला उडी मारलं म्हणून वाचलं. आता मालक म्हणतात सोमवारपासून फ्लोअरवर फक्त हिंदी. मॅनेजर म्हणतो हिंदी कशाला, कन्नड राज्यात आहोत, कन्नड करा. आणि आपली पोरं माझ्याकडे येऊन म्हणतात तू आपला माणूस, तू काहीतरी बोल. मी नक्की काय बोलू? कुणी असलं हाताळलंय का?

भट्टीवाले काका

फाउंड्रीत जन्म गेला माझा, आता घरी आहे. पहिलं सांगतो, क्रेनचा प्रॉब्लेम भाषेचा नाहीच वो. तिघं एकाच भाषेत ओरडले असते तरी हेच झालं असतं. इंडक्शन फर्नेस चालू, शॉट ब्लास्टिंग चालू, त्यात कानात प्लग, कुणाचं काय ऐकू येतंय? क्रेनला तोंडाने सांगायचंच नसतं, हाताने सांगायचं. हात सरळ वर, तर्जनी वर, छोटा गोल फिरवला की उचल. हात खाली, बोट खाली, गोल फिरवला की उतर. एक हात बाजूला ताणून पंजा खाली करून हलवला की थांब. दोन्ही हात तसेच ताणले की जिथे असशील तिथे एकदम थांब. इशारा देणारा एकच माणूस, त्याला वेगळ्या रंगाचं हेल्मेट नाहीतर जॅकेट द्या म्हणजे लांबून दिसतो. बाकी कुणी ओरडू दे, क्रेनवाला बघणारच नाही. फक्त थांबचा इशारा कुणीही द्यायचा, झाडूवाल्या मावशीने दिला तरी थांबायचं.

चित्रं काढून खांबावर लावा आणि शिफ्टच्या सुरुवातीला पाच मिनिटं उभं करून सगळ्यांकडून हात करून घ्या. आधी हसतील पोरं. हसू देत.

शिफ्ट बी

काकांचं क्रेनपुरतं बरोबर. पण मी जरा उलटं बोलतो, मालकाचं अगदीच चूक नाही. रात्री ब्रेकडाऊन झालं, स्पिंडलचा आवाज यायला लागला, तेव्हा हँडओव्हरच्या वहीत कुणी मराठीत लिहिलंय, कुणी कन्नडमध्ये, कुणी नुसता बाण काढलाय, तर सकाळच्या माणसाने काय समजायचं? लिहायला एक पद्धत पाहिजेच. आमच्याकडे वही बंद करून छापील तक्ता केला: मशीन नंबर, अलार्म नंबर, टूल नंबर, किती पीस, किती रिजेक्शन, आणि टिक मारायच्या चौकोनी. लिहायचं जवळजवळ काहीच उरलं नाही. ड्रॉइंगवर सगळं इंग्रजीत असतं, टॉलरन्स आकड्यांत, त्यावरून कधी कुणी भांडलंय का? बोलू दे ज्याला जे बोलायचं ते, लिहायचं मात्र एकसारखं.

सीमावासी

वा वा. म्हणजे मराठी माणसाने इथे पण गप्प बसायचं. १ नोव्हेंबर १९५६ ला आम्हाला न विचारता कन्नड राज्यात टाकलं, तेव्हापासून आमचे लोक काळा दिवस पाळतात, महाजन आयोगाने बेळगाव तिकडेच ठेवा म्हटलं, २००४ पासून सीमाप्रश्नाची केस सुप्रीम कोर्टात पडलीय, आणि आता कारखान्यात पण हिंदी नाहीतर कन्नड. मराठी पोरं जास्त असतील तर मराठीच पाहिजे, संपला विषय.

बैलहोंगलचा

मी कन्नड, मराठी इथे येऊन शिकलो, चुकलं तर सांभाळून घ्या. सीमावासी अण्णा, केसचा निकाल लागायचा तेव्हा लागेल, तोवर आपण दोघं एकाच मशीनवर उभे आहोत की.

माझं बघा. आधीच्या ठिकाणी सुपरवायझर मराठी होता, माणूस वाईट नव्हता, शिवी नाही की काही नाही. पण रविवारच्या ओटीला (ओव्हरटाइमला) कोण येणार हे तो डबा खाताना ठरवायचा. डबा कुणासोबत खायचा? आपल्या पोरांसोबत. झालं, आमच्यापर्यंत विषय यायच्या आधीच नावं भरलेली. नवीन मशीन आली की ट्रेनिंगला कोण, तर तेच. आम्ही काय म्हणायचो, मराठी लोक आम्हाला दाबतात. तो काय म्हणायचा, ही कन्नड पोरं स्वतःहून विचारतच नाहीत. दोघंही खरं बोलत होतो. पुढे मॅनेजरने ओटीचा बोर्ड लावायला सांगितला, नाव, तारीख, मागच्या वेळी कुणाला मिळाली होती, सगळं समोर. भांडणं थांबली असं नाही हां, पण आता भांडण बोर्डावरून व्हायला लागलं, मागच्या रविवारी मी नव्हतो मग माझा नंबर का नाही असं. ते मिटवता येतं. भाषेवरून झालेलं मिटत नाही.

म्हणून उद्यमबागवाले, आधी ओटी, मशीन आणि रजा कोण ठरवतंय आणि कुठे बसून ठरवतंय ते बघा. डबा वेगळा खातात ते सोडा हो, आमच्यात बरेच लिंगायत, शेजारच्या डब्यात मटण असलं की थोडं लांब बसतात, त्यात राग नसतो. माणूस अर्धा तास तरी आपल्या भाषेत निवांत बोलू दे की.

कायद्याचं थोडंफार

सीमावासींच्या एका मुद्द्यात दम आहे, म्हणून लिहितो. १९४८ च्या कारखाना कायद्यातलं कलम १०८ बघा: कायद्याने लावायच्या नोटिसा इंग्रजीत आणि बहुसंख्य कामगारांना समजेल त्या भाषेत लावायच्या. राज्याची भाषा की मालकाची भाषा असं तिथे नाही, कामगारांना कळली पाहिजे एवढंच. आता नवीन लेबर कोड आलेत, त्यामुळे आजचा नियम तुमच्या कन्सल्टंटकडून बघून घ्या, पण विचार तोच धरा. सेफ्टीची नोटीस कन्नडमध्ये लावाच, खाली मराठी आणि हिंदी पण लावा, एक फ्लेक्स जास्त लागेल, त्यात काय जातंय. कोण काय बोलतं यावर मात्र नियम काढू नका. कागदावर काढलात तर दुसऱ्या दिवशी तो फोटो गावभर फिरेल, आणि मग बेळगावात काय होतं ते मी सांगायला नको.

आणि १ नोव्हेंबर. कर्नाटकात औद्योगिक आस्थापनांच्या सुट्ट्यांचा १९६३ चा कायदा आहे, त्यात २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबरसोबत १ नोव्हेंबर पण पगारी सुट्टी. शॉप बंदच ठेवा. कुणी राज्योत्सवाला जाईल, कुणी काळ्या दिवसाच्या फेरीला जाईल, सुपरवायझरने विचारायचं नाही, दुसऱ्या दिवशी चेष्टा पण करू द्यायची नाही. मला विचाराल तर तुमच्या नोकरीतला सगळ्यात नाजूक दिवस २ नोव्हेंबर.

क्यूसीवाली

एवढं सगळं वाचलं, सगळे भाषेवरच. तुमच्या दीडशे माणसांत बायका किती ते कुणी विचारलंच नाही. आमच्या इन्स्पेक्शनला आम्ही काहीजणी आहोत, मराठी कन्नड उर्दू सगळ्या, आणि आमचं एकमेकींशी कधी अडलं नाही कारण आमचे प्रॉब्लेम सेम आहेत. टॉयलेट पार दुसऱ्या शेडमध्ये, दुसरी शिफ्ट सुटल्यावर मच्छेपर्यंत जायला बस नाही, आणि कुणी खांद्याला खांदा घासून गेलं तर सांगायचं कुणाला हे माहीत नाही. दहा किंवा जास्त माणसं असली की लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्याने तक्रारीसाठी अंतर्गत समिती पाहिजे, अध्यक्ष बाईच, निम्म्या तरी बायका, आणि एक मेंबर बाहेरचा. आमच्याकडे समिती आहे म्हणे. फाईलमध्ये. नावं कुठेच लावलेली नाहीत. दादा, तुम्ही सुपरवायझर झालाय ना, तर सोमवारी ती नावं आणि फोन नंबर लावून घ्या, ते पण सगळ्या भाषांत. ते फेटलिंगच्या कॉन्ट्रॅक्टवाल्यांना पण लागू आहे बरं का, त्यांना कुणी धरतच नाही कशात.

उद्यमबागवाला

खरंच आभार सगळ्यांचे. ताई, समितीचं उद्याच विचारतो, मला स्वतःला नावं माहीत नाहीत. मालकांना काकांचं क्रेनचं दाखवलं, त्यांना पटलं, चित्रं छापायला टाकली. भाषेचा नियम सध्या बाजूला ठेवलाय, मॅनेजर जरा फुगलाय पण बघू.

आता रजेचं. वैशाखात शुद्ध द्वितीयेला आपली शिवजयंती, तृतीयेला बसव जयंती, मग चित्ररथाची मिरवणूक रात्रभर, त्यामुळे तो आख्खा आठवडा अर्ध शॉप रिकामं. गणपतीत आपली पोरं गायब. दिवाळीत सगळेच. छटला फेटलिंग ओस. ईदला मेंटेनन्स. प्रत्येक जण म्हणतो आमचाच सण तेवढा मोठा. कसं बसवायचं?

भट्टीवाले काका

हे तर सोपं आहे, वेगवेगळे लोक असल्याचा हाच तर फायदा. सगळे एका गावचे असते तर गणपतीत भट्टीच बंद ठेवावी लागली असती. आमच्याकडे गणपतीत बिहारी पोरं जास्त शिफ्ट ओढायची, छटला आपली पोरं फेटलिंगला उभी राहायची, कुरकुर करत, पण राहायची. ईदला मेंटेनन्सची जबाबदारी बाकीच्यांनी घ्यायची, त्या बदल्यात लक्ष्मीपूजनाला ते फिटर येतात. वैशाखात मात्र अदलाबदल जमत नाही, दोन्हीकडचे एकदम लागतात, तेव्हा आधीच स्टॉक करून ठेवायचा आणि त्या आठवड्यात डिस्पॅच कमी धरायचा. यल्लम्माच्या पौर्णिमेला पण तसंच, सौंदत्तीला मराठी कन्नड सगळेच जातात. फक्त हे तोंडी ठेवू नका, बैलहोंगलवाला म्हणतोय तसं बोर्डावर.

बैलहोंगलचा

आणि बोर्ड फार उशिरा लावू नका. रेल्वेचं रिझर्व्हेशन आता ६० दिवस आधी उघडतं, आधी १२० होतं, आणि छटच्या गाड्या उघडल्या उघडल्या फुल. रजा मंजूर आहे की नाही हे पोरांना त्याच्या आधी कळलं नाही तर ती न सांगताच जातात, आणि मग आपण म्हणतो बिहारी पोरं बेभरवशाची. छटची यादी गणपतीच्या आधीच लावा.