मदत हवी आहे: रिव्हॉल्व्हरचा परवाना (घर वाकडला, गाळा मार्केट यार्डात)

भुसारवाला

नमस्कार मंडळी. स्वसंरक्षणासाठी रिव्हॉल्व्हरचा परवाना काढायचा आहे. वय ४१. घर वाकडला स्वतःच्या नावावर, भुसाराचा गाळा गुलटेकडीला मार्केट यार्डात. आठवड्यातून तीन-चार दिवस संध्याकाळी रोकड सोबत असते. प्रश्न असे:

१. अर्ज पुणे पोलीस आयुक्तालयात करायचा की पिंपरी-चिंचवडला?
२. शस्त्र शर्टाखाली, कुणाला दिसणार नाही असं बाळगायला वेगळा परवाना लागतो का? अमेरिकेत तसा असतो म्हणे.
३. अर्ज नेमका कुठे अडकतो?
४. पिस्तूल घ्यावं की रिव्हॉल्व्हर?

एक एजंट ‘सगळं मी बघतो, तुम्ही फक्त सह्या करा’ म्हणतोय. त्याच्या नादी लागू का?

कलमकसाई

चौथा सोडून बाकीच्यांची उत्तरं देतो. तिसऱ्याला वेळ लागेल, तो वेगळा लिहितो.

पहिला. राहत्या पत्त्याप्रमाणे जा. वाकड पोलीस ठाणं २०१८ पासून पिंपरी-चिंचवड आयुक्तालयात आहे, त्यामुळे अर्ज तिकडे. शस्त्र कायद्यात ‘जिल्हादंडाधिकारी’ लिहिलेलं असलं तरी जिथे पोलीस आयुक्त आहेत तिथे परवाना प्राधिकारी तेच असतात. जिल्ह्याच्या ग्रामीण भागासाठी मात्र जिल्हाधिकारी कार्यालय. हद्द जुन्या माहितीवर ठरवू नका. लोणी काळभोर, लोणीकंद २०२१ मध्ये ग्रामीणमधून पुणे शहरात आले. आणि गाळा पुण्यात म्हणून इथेही एक अर्ज टाकून बघू, असलं काही करू नका. आधी कुठे अर्ज केला होता का, तो फेटाळला का, हे अर्जातच विचारलेलं असतं.

दुसरा. आपल्याकडे ‘लपवून बाळगण्याचा’ असा वेगळा परवाना नाही. परवाना एकच, नमुना ३, शस्त्र घेण्याचा आणि बाळगण्याचा. उलट शस्त्र नियम २०१६ च्या नियम ३२ प्रमाणे सार्वजनिक ठिकाणी हातशस्त्र होल्स्टरमध्ये किंवा तशाच पिशवीत, पूर्ण झाकलेलं आणि तुमच्या ताब्यात असलं पाहिजे. अमेरिकेत काही राज्यांत झाकण्यासाठी परवानगी लागते; इथे झाकणं हीच अट आहे. कमरेला मूठ दिसेल असं खोचून लग्नात मिरवणारे याच नियमात अडकतात.

एजंटबद्दल: सही तुमची, अर्जातली खोटी माहितीही तुमचीच ठरते. तो नामानिराळा.

बाणेरकर_१२

धाग्यावर लक्ष ठेवून आहे. मलाही हाच घोळ होता.

कलमकसाई

आता तिसरा प्रश्न.

अर्ज नमुना ए-१ मध्ये. सोबत पांढऱ्या पार्श्वभूमीवरचे पासपोर्ट आकाराचे ४ फोटो, जन्मतारखेचा पुरावा, आधार, राहत्या जागेचा पुरावा, शस्त्र सुरक्षित ठेवण्याची हमी (नमुना एस-२) आणि डॉक्टरांचं प्रमाणपत्र (नमुना एस-३). हे शेवटचं लोक कोपऱ्यावरच्या दवाखान्यातून ‘फिट आहे’ एवढ्या एका ओळीवर आणतात आणि ते परत येतं. त्यात शारीरिक आणि मानसिक, दोन्ही प्रकृतीचा उल्लेख लागतो, आणि दारू किंवा अमली पदार्थांच्या आहारी नसल्याचंही स्पष्ट लिहिलेलं लागतं. नमुन्याचा छापील कागद डॉक्टरांपुढे ठेवा, त्यांच्या लेटरहेडवर विसंबू नका.

शस्त्र हाताळणीच्या प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र म्हणजे नमुना एस-१. ते शेवटी धावपळ करून मिळवण्यापेक्षा आधीच उरकून टाका.

पण हे सगळे कागद एका पारड्यात आणि ‘गरज’ एका पारड्यात. नव्वद टक्के डोकं तिथे लावा. ‘स्वसंरक्षणार्थ’ एवढा एकच शब्द लिहिलेला अर्ज म्हणजे कोरा कागद. परवाना हा हक्क म्हणून मिळत नाही, प्राधिकाऱ्याला गरज पटावी लागते. व्यवसायाच्या स्वरूपामुळे खरोखर धोका आहे, हा आधार नियमांत आहे आणि तुम्ही त्यात बसता. मग तो आकड्यांत दाखवा:

बाजार समितीचं आडत लायसन, जीएसटी नोंदणी, बँकेची गेल्या वर्षाची पानं. ज्या दिवशी रोख भरली त्या ओळींवर खूण करा. गाळा ते बँक किंवा गाळा ते घर हा रस्ता, किती वाजता, कुठल्या वाहनाने, हे अर्ध्या पानात. धमकी आली असेल, पाठलाग झाला असेल तर त्याची पोलीस ठाण्यातली नोंद. नोंद नसलेली धमकी कागदावर नसते. आणि रोकड वाहून नेणाऱ्या कंपनीची गाडी का परवडत नाही किंवा का जमत नाही, हे स्वतःहून लिहा. हा प्रश्न तुम्हाला विचारला जाणारच.

एक गैरसमज: ‘मोठं आयकर विवरण नसेल तर परवाना मिळत नाही.’ पुरेशी मालमत्ता नाही एवढ्याच कारणावरून परवाना नाकारता येत नाही, असं शस्त्र कायद्याच्या कलम १४ मध्येच आहे. विवरणपत्र जोडा, पण ते व्यवसाय खरा आहे हे दाखवायला.

भुसारवाला

फार उपयोगी. एक अडचण आहे. सोसायटीत पार्किंगवरून वाद झाला होता, समोरच्याने एनसी (अदखलपात्र तक्रार) केली होती. पुढे काही झालं नाही. ती अर्जात लिहायची का?

ठाणेअंमलदार_निवृत्त

लिहा. बिनदिक्कत लिहा.

अदखलपात्र तक्रार म्हणजे शिक्षा नव्हे, प्रलंबित खटलाही नव्हे. कलम ९ मध्ये ज्यांना शस्त्र देताच येत नाही अशी यादी आहे: २१ वर्षांखालचे, हिंसेच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा होऊन ती संपल्यावर ५ वर्षं न झालेले, मानसिक संतुलन ठीक नसलेले, शांतता राखण्याच्या किंवा चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्राखाली असलेले. तुमची एनसी यात कुठेच बसत नाही. पण ती ठाण्याच्या नोंदीत आहे, चौकशीत निघणारच. तुम्ही आधी सांगितली तर ते पार्किंगचं भांडणच राहतं. तुम्ही दडवली आणि हवालदाराने शोधली, तर अहवालात ‘अर्जदाराने माहिती लपवली’ असं वाक्य जातं, आणि मग ते वाक्य पुसायला कुणीही पुढे येत नाही.

चौकशीत काय होतं: स्थानिक ठाण्याकडून घरी भेट, तुमचा जबाब, शेजाऱ्यांकडे विचारपूस, गुन्हे अभिलेख तपासणी. मग अहवाल टप्प्याटप्प्याने वर. जबाब देताना अर्जातली कारणंच सांगा, त्याच क्रमाने. अर्जात रोकड आणि जबाबात ‘मुळशीला जमीन आहे, तिथे लोक त्रास देतात’ असं झालं की प्रकरण बिघडलं. जमिनीचा दिवाणी वाद चालू असलेल्याच्या हातात शस्त्र द्यायला कुठलाही अधिकारी कचरतो, आणि त्यात त्याचं चूक नाही.

शस्त्र कुठे ठेवणार हेही बघतात. लाकडी कपाटाचा ड्रॉवर दाखवू नका. भिंतीला किंवा जमिनीला बोल्टने पक्की केलेली छोटी लोखंडी तिजोरी आधीच बसवून घ्या. शस्त्र रिकामं करून तिथे, काडतुसं वेगळ्या कुलपात, किल्ली मुलांच्या हाती लागणार नाही अशी.

मुदतीचं म्हणाल तर पोलीस अहवालाला ३० दिवस आणि अहवाल मिळाल्यावर निर्णयाला ६० दिवस, हे नियमात. प्रत्यक्षात जास्त धरून चाला. दर पंधरवड्याला अर्ज क्रमांक सांगून कुठल्या टेबलावर आहे एवढंच विचारा. अहवाल वेळेत आला नाही तर त्याची वाट न पाहता निर्णय घेण्याची मुभा कायद्याने प्राधिकाऱ्याला दिली आहे, पण ती वापरली जाईल या भरवशावर राहू नका.

कलमकसाई

+१. नकार आला तर कारणं लेखी मागा, कारणं नोंदवणं त्यांना बंधनकारक आहे. अपील ३० दिवसांत. आयुक्तांच्या आदेशावर ते राज्य शासनाकडे, म्हणजे मंत्रालयात गृह विभागाकडे जातं. दिवस आदेश हातात पडल्यापासून मोजा आणि पाकिटावरचा पोस्टाचा शिक्का जपून ठेवा. अपिलात नवीन रडगाणं नको. नकारात जे कारण लिहिलंय त्यालाच कागदाने उत्तर.

नेमबाज_बालेवाडी

चौथा प्रश्न माझ्या वाटणीचा.

सामान्य नागरिकाला मिळतं ते अप्रतिबंधित बोअरचं (बोअर म्हणजे नळीचा आतला व्यास). हातशस्त्रात व्यवहारात .३२ किंवा .२२. ९ मिमी, .३८, .४५ हे प्रतिबंधित बोअर; त्याचा परवाना केंद्रीय गृह मंत्रालयाच्या हातात, तो विचार सोडा. परदेशी शस्त्रांची आयात ऐंशीच्या दशकातच बंद झाली. त्यामुळे बाजारात फिरणारी जुनी विलायती पिस्तुलं लाखांमध्ये जातात आणि त्यांचे सुटे भाग मिळत नाहीत. सरकारी कारखान्यांची शस्त्रं बघा: कानपूरचं .३२ रिव्हॉल्व्हर, ईशापूरचं ‘अशनी’ पिस्तूल, किंवा वजनाला हलकं ‘निर्भीक’, तेही कानपूरचंच, २०१४ मध्ये आलेलं.

तुमच्या वापराला रिव्हॉल्व्हर. चकरीत (काडतुसं बसतात तो फिरता भाग) ६ काडतुसं, आणि एखादं फुसकं निघालं तर चाप पुन्हा ओढायचा, चकरी पुढच्यावर जाते. पिस्तुलात तेच झालं तर स्लाइड (वरचा सरकता भाग) मागे ओढून ते काढावं लागतं. वर्षातून चार वेळा रेंजवर जाणाऱ्याला घाबरलेल्या क्षणी ते सुचत नाही. रिव्हॉल्व्हरचा तोटा म्हणजे चाप जड आणि चकरीची जाडी पोटाशी जाणवते.

इथे हमखास होणारी चूक: दोन्हींना लोक ‘बत्तीस’च म्हणतात, पण काडतूस एक नाही. रिव्हॉल्व्हरचं लांब आणि बुडाला रुंद कड असलेलं, पिस्तुलाचं आखूड. एकाचं दुसऱ्यात वापरायचं नाही. म्हणून अर्जात शस्त्राचा प्रकार विचार करून भरा. परवान्यावर ‘रिव्हॉल्व्हर’ असताना दुकानात जाऊन पिस्तूल आवडलं, तर आधी परवान्यात बदल, मग खरेदी.

अवांतर: काडतुसाच्या बुडावर ‘केएफ’ ठसा दिसला तर तो आपल्या खडकीचा. कारखाना १८६९ चा.

भुसारवाला

आणि बाळगायचं कसं? मी ॲक्टिव्हावर फिरतो.

नेमबाज_बालेवाडी

डिकीत नाही. गाडी लावून तुम्ही चहाला गेलात की शस्त्र तुमच्या ताब्यात राहिलं नाही, आणि ॲक्टिव्हाची डिकी पेचकसाने उघडते. रोकडीच्या बॅगेतही नाही. चोर आधी बॅगच ओढणार.

कमरपट्ट्याला अडकवायचं होल्स्टर, पट्ट्यासकट. पट्टा दीड इंची, जाड कातड्याचा. पातळ पट्टा वजनाने वळतो आणि मूठ बाहेर झुकते. होल्स्टरमध्ये दोन गोष्टी बघा: चाप आणि त्याभोवतीची कडी पूर्ण झाकली जाते का, आणि वर बटणाची पट्टी आहे का. रिकामं शस्त्र घालून, बटण लावून होल्स्टर उलटं धरा आणि हलवा. निसटलं तर दुकानातच ठेवून या. फूटपाथवर मिळणारी सैल नायलॉनची म्यानं याच परीक्षेत नापास होतात. गाडीवर बसलेल्या अवस्थेत शर्ट मागून वर सरकतो, म्हणून लांब सदरा किंवा जाकीट. आरशासमोर उभं राहून नाही, गाडीवर बसून बघा.

पावसाळ्यात रात्री शस्त्र होल्स्टरमध्ये ठेवू नका. कातडं ओल धरतं आणि सकाळी नळीवर तांबूस ठिपके. कोरड्या फडक्याने पुसून तेलाचा पातळ हात, चकरीच्या मागच्या बाजूलाही. घामाचा हात लागतो तिथे आधी गंज चढतो.

ठाणेअंमलदार_निवृत्त

परवाना मिळाल्यावरचं थोडं.

परवान्यावर युआयएन (विशिष्ट ओळख क्रमांक) आहे ना, बघून घ्या. राष्ट्रीय डेटाबेसमधली नोंद तीच. क्षेत्र कुठलं लिहिलंय तेही वाचा. महाराष्ट्रापुरतं असेल तर बेळगावला पाहुण्यांकडे जाताना शस्त्र घरी. खरेदीची मुदत परवान्यावर असते. शस्त्र घेतलं की पावतीसह नेऊन दाखवायचं आणि क्रमांकाची नोंद करून घ्यायची. काडतुसांचे दोन आकडे असतात, एका वेळी किती आणि वर्षाला किती. मित्राच्या परवान्यावरचा आकडा तुमचा नाही.

२०१९ च्या दुरुस्तीनंतर परवान्याची मुदत ३ ऐवजी ५ वर्षं आणि जास्तीत जास्त शस्त्रं ३ ऐवजी २. नूतनीकरणाचा अर्ज संपायच्या दोन महिने आधी. संपलेल्या परवान्यावर शस्त्र घरात ठेवणं म्हणजे विनापरवाना शस्त्र.

आचारसंहिता लागली की जमा करण्याची नोटीस येऊ शकते. जमा करताना पावतीवर शस्त्राचा क्रमांक आणि काडतुसांची संख्या स्वतः वाचा. परत आणायला विसरणारे बरेच निघतात. वरातीत हवेत गोळी झाडणाऱ्याला आता २ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही, परवाना जातो तो वेगळा.

गाळ्यावरच्या माणसाला ‘जरा धर रे’ म्हणून देऊ नका. परवाना तुमचा आहे, दुकानाचा नाही.

बाणेरकर_१२

वडिलांच्या नावावर जुनं रिव्हॉल्व्हर आहे, वय ७३. ते माझ्या नावावर होतं का?

कलमकसाई

होऊ शकतं. परवानाधारक ७० वर्षांचा झाला किंवा शस्त्र २५ वर्षं बाळगलं, यांतलं आधी जे होईल, त्यानंतर ते कायदेशीर वारसाकडे देता येतं. पण परवाना तुमच्या नावाने नवीन, चौकशी नवीन, नमुना एस-३ सुद्धा तुमचा. बाकीच्या वारसांचं ना-हरकत पत्र जोडा. तोवर शस्त्र आणि तिजोरीची किल्ली वडिलांकडेच.

भुसारवाला

सोमवारी बँकेतून पानं काढतो आणि एस-३ चा कागद छापून डॉक्टरांकडे जातो. एनसीचा क्रमांक मिळवायला वाकड ठाण्यात अर्ज द्यावा लागेल का?

ठाणेअंमलदार_निवृत्त

हो. साध्या कागदावर, तारीख आणि समोरच्याचं नाव घालून. पोच घ्यायला विसरू नका.